विश्लेषण : हुकूमशाही घरात कुठून शिरते? हेर्टा म्युलर यांच्या लेखनातून काय दिसते?

रुमानियात १९८९ च्या डिसेंबरात निकोलाय चाउसेस्कूची राजवट कोसळली. त्यानंतर २० वर्षांनी, २००९ मध्ये साहित्याचे नोबेल त्याच रुमानियात वाढलेल्या आणि तेथून बाहेर पडलेल्या हेर्टा म्युलर यांना मिळाले. हुकूमशाहीवर लिहिणारे लेखक पुष्कळ आहेत. म्युलर यांच्या पुस्तकांत मात्र हुकूमशहा क्वचितच दिसतो. तेथे दिसतात रुमाल, नखे कापायची कात्री, कोटाचे अस्तर, कोल्ह्याचे कातडे, मैत्रिणीच्या बॅगेतली किल्ली. राजवट माणसाच्या आयुष्यात शिरते ती याच वस्तूंमधून, आणि सत्ता गेल्यावरही बाहेर पडत नाही ती येथूनच, असे त्यांच्या लेखनाचे सांगणे आहे. हे सांगणे नीट समजून घ्यायचे तर आधी एका कारखान्यात जावे लागते.

कारखान्यात नेमके काय घडले?

पश्चिम रुमानियातील तिमिश्वारा शहरात विद्यापीठाचे शिक्षण संपवून म्युलर १९७७ मध्ये एका यंत्रकारखान्यात अनुवादक म्हणून लागल्या. परदेशातून आलेल्या यंत्रांची माहितीपत्रके भाषांतरित करायची, हे त्यांचे काम. दोन वर्षे बरी गेली. मग ‘सेक्युरिताते’ या गुप्त पोलीस यंत्रणेचा एक धिप्पाड अधिकारी कार्यालयात येऊ लागला. तिसऱ्या भेटीत त्याने कागद पुढे केला आणि मजकूर सांगायला सुरुवात केली. नाव, जन्मतारीख, पत्ता त्यांनी लिहिला. आपण यंत्रणेला सहकार्य करीत आहोत, अशा अर्थाचा शब्द आला तेव्हा त्यांनी लिहिणे थांबवले आणि त्या खिडकीपाशी जाऊन उभ्या राहिल्या. आपला स्वभाव या कामाचा नाही, एवढेच त्यांनी सांगितले.

अधिकारी खवळला. त्याने कागद फाडून जमिनीवर टाकला. मग बहुधा साहेबाला आपण प्रयत्न केल्याचा पुरावा दाखवावा लागेल हे त्याच्या लक्षात आले असावे. त्याने वाकून सगळे तुकडे गोळा केले, पिशवीत भरले आणि जाताना फुलदाणी भिंतीवर आपटली. नदीत बुडवून मारू, ही धमकी त्याने अगदी हळू आवाजात दिली. हा सारा प्रसंग म्युलर यांनीच आपल्या नोबेल व्याख्यानात सांगितला आहे. त्यात धमकीपेक्षा ते तुकडे वेचणे जास्त लक्षात राहते. माणसाला चिरडणारी यंत्रणा स्वतःच्या कागदपत्रांना किती घाबरते, हे त्या एका हालचालीत दिसते.

पुढे रोज सकाळी साडेसहाला संचालकाकडे हजेरी सुरू झाली. दुसरी नोकरी शोधली का, हा एकच प्रश्न. एके दिवशी त्या कामावर आल्या तर त्यांचे जाडजूड शब्दकोश दाराबाहेर जमिनीवर पडलेले आणि त्यांच्या टेबलाशी एक इंजिनीअर बसलेला. घरी जाता येईना, कारण गैरहजेरी लागली असती आणि काढून टाकायला निमित्त मिळाले असते. एका मैत्रिणीने आपल्या टेबलाचा कोपरा रिकामा करून दिला. थोड्याच दिवसांत तीच मैत्रीण दारात आडवी उभी राहिली. सहकाऱ्यांना वाटते की तू खबरी आहेस, असे तिने सांगितले.

तेव्हा त्या जिन्यात बसल्या. पहिल्या आणि दुसऱ्या मजल्याच्या मधल्या पायरीवर खिशातला रुमाल पसरून, मांडीवर शब्दकोश घेऊन यंत्रांची माहितीपत्रके भाषांतरित करू लागल्या. शेवटी नोकरीवरून काढले गेलेच.

अफवा धमकीपेक्षा जास्त का लागते?

या प्रसंगाचा गाभा जिन्यात नाही, त्या अफवेत आहे. खबरी व्हायला नकार दिला म्हणून खबरी असल्याचा शिक्का बसला. होकार दिला असता तर कुणालाच संशय आला नसता. सहकाऱ्यांनी पूर्वीसारखाच विश्वास ठेवला असता आणि त्या विश्वासाचाच अहवाल वर गेला असता. म्हणजे प्रामाणिक माणूस संशयित आणि खरा खबरी विश्वासू, अशी उलटी मांडणी यंत्रणेने फारसा खर्च न करता करून दाखवली. त्यासाठी कोठडी लागली नाही, मारहाण लागली नाही. दोन-चार कानांत एक वाक्य सोडावे लागले, एवढेच.

धमकीला उत्तर देता येते. अफवेला कुणापुढे उत्तर द्यायचे? ‘मी खबरी नाही’ असे सांगत फिरणारा माणूस तर आणखीच संशयास्पद. आपल्याकडे भिंतींना कान असतात असे म्हणतात. रुमानियात भिंतींच्या कानांपेक्षा शेजारच्या टेबलावरच्या कानांची भीती जास्त होती, आणि ते कान खरोखर आहेत की नाहीत हे कळायला मार्ग नव्हता. सेक्युरितातेचे पगारी अधिकारी-कर्मचारी १९८९ मध्ये १५ हजारांच्या आसपास होते. खबऱ्यांच्या संख्येचे अंदाज वेगवेगळे असले तरी ते सारे लाखांत जातात. सुमारे दोन कोटी ३० लाख लोकवस्तीच्या देशात प्रत्येकामागे माणूस लावणे अशक्यच होते. तशी गरजही नव्हती. प्रत्येकाला दुसऱ्यावर तसा संशय येत राहिला, की काम भागत होते.

हेर्टा म्युलर कोण?

रुमानियाच्या बानात प्रांतात जर्मनभाषक अल्पसंख्याकांची जुनी गावे आहेत. त्यांपैकी नित्सकीडॉर्फ या गावात १७ ऑगस्ट १९५३ रोजी त्यांचा जन्म झाला. आजोबा सधन शेतकरी आणि व्यापारी. कम्युनिस्ट राजवटीत त्यांची मालमत्ता सरकारजमा झाली. वडील दुसऱ्या महायुद्धात हिटलरच्या वाफेन-एसएसमध्ये होते, नंतर त्यांनी ट्रक चालवला. आई त्या लोकांपैकी, ज्यांना जानेवारी १९४५ मध्ये युद्धातील नुकसानभरपाई म्हणून सोव्हिएत महासंघात सक्तमजुरीसाठी नेण्यात आले. रुमानियातील जर्मनभाषकांपैकी सुमारे ७० हजार स्त्री-पुरुष असे नेले गेले. म्युलर यांच्या आईची पाच वर्षे आजच्या युक्रेनमधील छावणीत गेली.

एकाच घरात नाझी गणवेश घातलेला बाप आणि सोव्हिएत छावणी भोगलेली आई. त्यामुळे म्युलर यांच्या लेखनात ‘आपण सोसणारे आणि ते छळणारे’ अशी सोपी वाटणी होत नाही. १९८२ मध्ये बुखारेस्टमध्ये काटछाट होऊन निघालेल्या आणि १९८४ मध्ये पश्चिम बर्लिनमध्ये पुढे आलेल्या ‘नादिर्स’ या पहिल्या कथासंग्रहात त्यांनी स्वतःच्या गावाचे जे चित्र काढले, त्यात दारू, ढोंग, मारहाण आणि युद्धातल्या गुन्ह्यांवर पांघरलेले मौन आहे. सरकारला ते खटकलेच, पण गावकऱ्यांनाही ते सहन झाले नाही. आपल्याच घरट्यात घाण करणारी, असा ठपका बानातच्या जर्मनांनी ठेवला. आज्ञाधारकपणाचे पहिले धडे गावातच मिळतात आणि हुकूमशाहीला तो तयार माल आयताच सापडतो, हे त्यांचे निरीक्षण दोन्ही बाजूंना नको होते. त्यांच्या लेखनातले हे धाडस नोबेलच्या गाजावाजात थोडे मागेच पडले.

चाउसेस्कूची राजवट घराघरांत कशी पोहोचली होती?

१९६५ मध्ये सत्तेवर आल्यानंतर पुढच्याच वर्षी चाउसेस्कूने ‘हुकूमनामा ७७०’ काढला. लोकसंख्या वाढली पाहिजे, म्हणून गर्भपातावर जवळपास संपूर्ण बंदी. गर्भनिरोधक साधने मिळेनाशी झाली. काही अपवाद होते: ४५ वर्षांवरील किंवा चार मुले झालेल्या स्त्रिया. पुढे हे निकष बदलत गेले, पण मुलांची मागणी कमी झाली नाही. ऐंशीच्या दशकात कारखान्यांत स्त्रियांच्या वैद्यकीय तपासण्या होऊ लागल्या, कुणाला दिवस गेले आहेत याची नोंद ठेवण्यासाठी. चोरून केलेल्या गर्भपातांमुळे २३ वर्षांत सुमारे १० हजार स्त्रिया दगावल्याचा अंदाज सांगितला जातो. अनाथालये भरून गेली. राजवट पडल्यानंतर नव्या सत्ताधाऱ्यांनी सर्वात आधी जे कायदे रद्द केले, त्यात हा होता.

दुसरे उदाहरण टंकलेखन यंत्राचे. १९८३ च्या हुकुमानुसार घरात टाइपरायटर ठेवायचा तर पोलिसांकडे नोंदणी करावी लागे आणि त्याच्या अक्षरांचा नमुना द्यावा लागे. एखादे निनावी पत्रक सापडले तर कोणत्या यंत्रावर टाइप झाले ते ओळखता यावे, हा हेतू. पुढे जर्मनीत म्युलर मासिकांमधून छापील शब्द कात्रीने कापून, कार्डावर चिकटवून कविता करू लागल्या. त्या कोलाजांना आज कलाकृती म्हणून मान आहे. ज्या देशात प्रत्येक अक्षराचा मालक नोंदवला जात होता, तेथून आलेल्या बाईने कुणाचीही नसलेली अक्षरे वेचावीत, यात एक मिस्कील सूडही दिसतो.

थंडी आणि भूक होतीच. परदेशी कर्ज फेडण्याच्या हट्टापायी ऐंशीच्या दशकात धान्य, मांस, वीज, घरातली ऊब या सगळ्यांवर कात्री चालली. १९८९ च्या वसंतात कर्ज फिटल्याची घोषणा झाली आणि त्याच वर्षी नाताळच्या दिवशी चाउसेस्कू आणि त्याची पत्नी एलेना यांना गोळ्या घालण्यात आल्या.

हे सगळे कादंबऱ्यांमध्ये कसे येते?

आकडेवारी इतिहासाच्या पुस्तकात मिळते. म्युलर यांच्या कादंबऱ्यांत मिळते ती त्या आकड्यांच्या आतली सकाळ आणि संध्याकाळ.

१९९२ च्या कादंबरीत आदिना नावाच्या शिक्षिकेच्या घरात कोल्ह्याचे कातडे अंथरलेले आहे. एक दिवस ती घरी येते तर शेपूट कापून जागच्या जागी ठेवलेले. काही दिवसांनी एक पाय. मग दुसरा. काहीही चोरीला गेलेले नाही, कुलूप तुटलेले नाही. कुणीतरी येऊन गेले, एवढे तिला कळावे, इतकीच व्यवस्था. पोलिसात काय तक्रार देणार, की माझ्या कोल्ह्याचे शेपूट कुणी कापले? वेडे ठरवायला एवढे पुरे. आणि हे कापणारे हात पोलिसांचेच, मग सांगायचे तरी कुणाला?

१९९४ च्या ‘द लँड ऑफ ग्रीन प्लम्स’मध्ये चार मित्र एकमेकांना पत्रे लिहिताना सांकेतिक शब्द ठरवतात. पत्रात नखे कापायच्या कात्रीचा उल्लेख आला तर चौकशी झाली असे समजायचे. बुटांचा आला तर झडती. सर्दी झाली आहे असे लिहिले तर मागे माणूस आहे. पाकिटात एक केस टाकायचा. तो नसला तर पत्र वाटेत उघडले गेले. काही दिवसांनी अशी वेळ येते की या मुलांना खरोखर सर्दी झाली तरी ते लिहिता येत नाही, आणि नखे कापायला बसले तरी चौकशीची खोली आठवते. साधे शब्द कामाला जुंपले की घरी परतत नाहीत. भाषेचे नुकसान याहून नेमकेपणाने क्वचितच दाखवले गेले असेल.

त्याच कादंबरीत लोला नावाची गरीब भागातून आलेली विद्यार्थिनी वसतिगृहात गळफास घेते. दोन दिवसांनी भरसभेत, मृत्यूनंतर, तिची पक्षातून आणि विद्यापीठातून हकालपट्टी होते. सभागृह टाळ्या वाजवते. पहिला थांबणारा आपण नको, म्हणून टाळ्या थांबतच नाहीत. त्या सभागृहात एखादा कट्टर पक्षनिष्ठ असेलही, पण टाळ्या लांबतात त्या बाकीच्या घाबरलेल्यांमुळे. शहरात पहारेकरी रस्त्यावरच्या झाडांची कच्ची, हिरवी आलुबुखारे ओरबाडून खाताना दिसतात. तेही खेड्यातून आलेले, भुकेलेच. त्यांच्याविषयी कादंबरीत राग आहे, पण त्यांना राक्षस केलेले नाही. या कादंबरीला १९९८ मध्ये डब्लिनचा ‘इम्पॅक’ पुरस्कार मिळाला आणि इंग्रजी वाचकांना म्युलर हे नाव माहीत झाले.

‘द अपॉइंटमेंट’ ही १९९७ ची कादंबरी जवळपास सगळी ट्राममध्ये घडते. कपड्यांच्या कारखान्यातली एक बाई चौकशीला निघाली आहे. तिचा गुन्हा असा की इटलीला जाणाऱ्या पुरुषांच्या कपड्यांच्या अस्तरात तिने लग्नाची मागणी घालणाऱ्या चिठ्ठ्या शिवल्या. कुणीतरी अनोळखी परदेशी माणूस आपल्याला येथून बाहेर काढील, ही आशा. लग्नासारखी खासगी इच्छा सीमा ओलांडायची वाट बनते आणि राज्यद्रोहाच्या खात्यात जमा होते. हुकूमशाहीत राजकारणाशी संबंध नसलेले असे काही उरतच नाही, हे पटवायला ती चिठ्ठी पुरेशी आहे.

देश सोडल्यावर तरी सुटका झाली का?

१९८५ मध्ये म्युलर यांच्या प्रकाशनावर रुमानियात बंदी आली. १९८७ मध्ये त्या आणि त्यांचे तेव्हाचे पती, लेखक रिचर्ड वाग्नर, पश्चिम जर्मनीत गेले. जाण्याची वाट पैशांनी बांधलेली होती. १९६७ ते १९८९ या काळात पश्चिम जर्मनीने दरडोई रक्कम मोजून दोन लाखांहून अधिक जर्मनवंशीयांना रुमानियाबाहेर काढले. माणसे विकून परकीय चलन मिळवणारे सरकार रोज रेडिओवर राष्ट्रप्रेमाची गाणी लावत होते.

म्युलर यांची आईही तेव्हाच निघाली. निघण्याच्या थोडे आधी एके दिवशी सकाळी गावचा पोलीस तिला घ्यायला आला. घाईत रुमाल राहिला म्हणून ती परत घरात गेली आणि तो आणला. पोलीस चिडला आणि तिला दिवसभर आपल्या कचेरीत कोंडून निघून गेला. ती आधी रडली, मग तिने त्याच रुमालाने टेबल-खुर्च्या पुसल्या, मग बादलीतले पाणी घेऊन फरशी धुतली. मुलगी हादरली. पोलिसाची कचेरी कशाला पुसायची? आईचे म्हणणे साधे होते: वेळ जायला काहीतरी हवे होते आणि खोली फार घाण होती. हे शरण जाणे की स्वतःची शुद्ध राखणे, याचा निवाडा म्युलर यांनी केलेला नाही. छावणीत पाच वर्षे काढलेल्या बाईला कोंडलेल्या वेळेचे काय करायचे ते ठाऊक होते, इतके मात्र खरे.

जर्मनीत पोहोचल्यावर तेथील गुप्तचर खात्याने म्युलर यांचीच चौकशी केली. त्या सेक्युरितातेच्या हस्तक असाव्यात, असा त्यांना संशय होता. कारखान्यातली अफवा सीमेपलीकडे त्यांच्याआधी येऊन बसली होती.

नंतर बर्लिनला त्यांची एक जिवलग मैत्रीण भेटायला आली. ती कर्करोगाने आजारी होती. तिच्या सामानात रुमानियाच्या वकिलातीचा फोन नंबर आणि म्युलर यांच्या घराची बनवून घेतलेली किल्ली सापडली. मैत्रीण भेटीसाठी आली होती की कामगिरीवर? बहुधा दोन्ही. त्यांनी तिला घराबाहेर काढले आणि काही काळाने ती वारली. ‘ग्रीन प्लम्स’मधली तेरेझा तिच्यावरून घडली आहे.

मित्रमंडळींपैकी कवी रोल्फ बॉसर्ट जर्मनीत आल्यानंतर काही आठवड्यांतच, १९८६ मध्ये, फ्रँकफर्टमध्ये खिडकीतून पडून गेला. लेखक-अभियंता रोलांड किर्श १९८९ मध्ये तिमिश्वारातील घरात फासावर लटकलेला आढळला. ती आत्महत्या होती, यावर म्युलर यांचा विश्वास नाही.

‘क्रिस्टिना’च्या फाइलमध्ये काय सापडले?

रुमानियात जुन्या पोलिसी कागदपत्रांसाठी कायदा होऊन संस्था स्थापन व्हायला १९९९ उजाडले आणि फाइली हळूहळूच बाहेर आल्या. म्युलर यांना स्वतःची फाइल मिळाली ती ‘क्रिस्टिना’ या सांकेतिक नावाची: तीन खंड, ९१४ पाने. फाइल उघडल्याची तारीख ८ मार्च १९८३. कारण, पहिल्या पुस्तकात देशाच्या आणि विशेषतः खेड्यांच्या परिस्थितीचे केलेले विपर्यस्त चित्रण. कथांचे इतके बारकाईने वाचन समीक्षकांनीही केले नसेल.

फाइलमध्ये दोन बायका आहेत, असे म्युलर यांनी २००९ मध्ये एका जर्मन साप्ताहिकात लिहिले. एक क्रिस्टिना, देशाची शत्रू. दुसरी त्याच यंत्रणेने बनवलेली बाहुली, पक्षाशी एकनिष्ठ असलेली हस्तक. ती पश्चिमेत म्युलर यांची बदनामी करण्यासाठी रचलेली. ज्या कार्यालयाने त्यांना शत्रू म्हणून नोंदवले, त्यानेच त्या आपल्या आहेत ही बातमी पेरली. कारखान्यातली तीन वर्षे मात्र फाइलमध्ये नाहीतच. नवी गुप्तचर यंत्रणा जुन्यांनीच भरलेली असल्याने कागद चाळून, वगळून दिले गेले, असा त्यांचा आरोप आहे. अशा फाइलींवरून इतिहास लिहिणाऱ्यांनी हे ध्यानात ठेवलेले बरे. फाइल म्हणजे सत्याचा साठा नाही. ती छळणाऱ्याने लिहिलेली, छळणाऱ्याने जपलेली आणि त्यानेच गाळून दिलेली रोजनिशी आहे.

तरीही तिच्यात एक गोष्ट सापडली. ती मैत्रीण यंत्रणेच्या कामाला लागली ती म्युलर देश सोडून गेल्यानंतर. म्हणजे आधीची मैत्री खरी होती, कुणी नेमून दिलेली नव्हती. हे वाचून त्यांना जवळजवळ आनंद झाला. पंचवीस वर्षांपूर्वीचे आपले प्रेम खरे होते याची पावती पोलिसांच्या दप्तरातून घ्यावी लागणे, आणि ती मिळाल्यावर कृतज्ञ वाटणे! इतके खोल नुकसान करणाऱ्या राजवटीचा हिशेब निवडणूक झाली, झेंडा बदलला म्हणून पुरा होत नाही.

त्या एकाच विषयात अडकल्या आहेत का?

जर्मनीत हा आक्षेप वारंवार घेतला गेला. रुमानिया पुरे झाला, आता जेथे राहता त्यावर लिहा, असा सल्ला त्यांना मिळत राहिला. या सल्ल्यात तथ्य फारसे नाही. विषय लेखक निवडतो हे सुखी देशांतले गृहीतक आहे. त्यांच्या गद्याविषयीची तक्रार मात्र थोडी रास्त आहे. प्रतिमा इतक्या दाट येतात की काही पानांवर वाचक हरवतो, आणि तिमिश्वाराचा संदर्भ नसेल तर पात्रांची नावेसुद्धा निसटतात. नव्या वाचकाने ‘ग्रीन प्लम्स’पासून सुरुवात करावी. ‘द अपॉइंटमेंट’ दुसऱ्या खेपेला.

त्यापेक्षा गंभीर प्रश्न वेगळा आहे. नकार देणाऱ्याने सही करणाऱ्याकडे कसे पाहायचे? या प्रश्नाने म्युलर यांना अगदी जवळून गाठले.

पास्तिओर प्रकरण काय होते?

कवी ओस्कर पास्तिओर यांचा जन्म १९२७ मध्ये रुमानियातल्याच सिबिउ शहरात झाला. १७व्या वर्षी तेही सोव्हिएत छावणीत नेले गेले. म्युलर यांच्या आईने छावणीविषयी कधी नीट सांगितले नाही. गावातले इतर परतलेले लोकही तुटक बोलत. पास्तिओर यांना मात्र सगळे आठवत होते: फावड्याचे वजन, कोळशाचे प्रकार, भुकेचे तास. कोळशाच्या बदल्यात खायला काही मिळेल का, हे पाहायला ते एका रशियन म्हातारीच्या दारात गेले होते. तिने त्यांना सूप दिले आणि नाक गळते आहे हे पाहून एक पांढरा, नक्षीदार रुमाल दिला. तो त्यांनी कधी वापरला नाही. पाच वर्षे जपून ठेवला.

दोघांनी मिळून पुस्तक लिहायचे ठरवले. ते बोलायचे, त्या लिहून घ्यायच्या. २००४ मध्ये युक्रेनला जाऊन त्यांनी छावण्यांच्या जागा पाहिल्या. २००६ मध्ये पास्तिओर अचानक गेले. म्युलर यांच्याकडे चार वह्या उरल्या. वर्षभर त्यांना लिहिता आले नाही. मग ‘आपण’ सोडून एकटीनेच लिहायचे, असे ठरवून त्यांनी ‘द हंगर एंजल’ पूर्ण केली. १७ वर्षांच्या लिओपोल्डची ही कादंबरी २००९ मध्ये आली आणि काही महिन्यांत नोबेल जाहीर झाले.

२०१० च्या सप्टेंबरमध्ये एका संशोधकाला बुखारेस्टच्या दप्तरखान्यात कागद सापडले. १९६१ ते १९६८ या काळात, म्हणजे देश सोडेपर्यंत, पास्तिओर हे ‘स्टाइन ओट्टो’ या नावाने सेक्युरितातेचे खबरी होते.

म्युलर यांना बसलेला धक्का त्यांनी लपवला नाही. आधी भीती आणि संताप, गालात मारल्यासारखे. मग सहानुभूती. आणि तपशील जसजसे वाचत गेल्या, तसतसे दुःख. तपशील असे होते: छावणीविषयी लिहिलेल्या काही कविता पोलिसांच्या हाती लागल्या होत्या आणि त्या सोव्हिएतविरोधी ठरत होत्या. शिवाय पास्तिओर समलैंगिक होते, आणि रुमानियात तो गुन्हा होता. तुरुंग दोन्ही बाजूंनी उघडा होता. पाच वर्षे छावणीत काढलेल्या ३३ वर्षांच्या माणसापुढे कागद ठेवला गेला आणि त्याने सही केली.

येथे दोन चुका सहज होतात. पहिली, सगळेच बळी असे म्हणून मोकळे होणे. ज्यांच्याविषयी अहवाल गेले, त्यांच्यावर हा अन्याय आहे. म्युलर यांनी सही केली नाही, पास्तिओर यांनी केली, आणि या दोन गोष्टी सारख्या नाहीत. दुसरी चूक, नकाराला शौर्यपदक देऊन सही करणाऱ्याला एका शब्दात निकालात काढणे. म्युलर यांनी जे पणाला लावले ती नोकरी होती आणि धमकी नदीची होती. पास्तिओर यांच्या पुढ्यात पुन्हा छावणीसारखी वर्षे होती, आणि त्यांना ती कशी असतात हे माहीत होते. यंत्रणा प्रत्येकाची किंमत वेगळी लावते. तिचे कसब याच मोजमापात आहे.

पास्तिओर हयात नव्हते. विचारायला कुणी नव्हते. वर्षानुवर्षे समोरासमोर बसून छावणीतला प्रत्येक तास सांगणाऱ्या माणसाने त्यानंतरची सात वर्षे सांगितली नव्हती. म्युलर यांनी त्यांना वाळीत टाकले नाही, आणि माफीचे प्रमाणपत्रही दिले नाही. म्हातारीचा तो रुमाल नोबेल व्याख्यानात आहे, लिओपोल्डच्या गोष्टीतही आहे. ‘स्टाइन ओट्टो’ यांचे अहवाल बुखारेस्टच्या दप्तरखान्यात आहेत. दोन्हींवर हस्ताक्षर एकाच माणसाचे.